अप्पांनी न वाचलेल्या पाट्या

लातूर जिल्हा नवा झाला, त्या सुमारास शिरूर अनंतपाळला पावसानं पाठ फिरवली होती. मी उदगीरच्या कॉलेजातून सुट्टीला घरी आले होते. एका संध्याकाळी लातूरहून सिनेमाची गाडी आली. शाळेच्या भिंतीवर पडदा लागला. सिनेमा जुना, मुका, छोटासाच. मधूनमधून इंग्रजी पाट्या यायच्या. आमच्या अप्पांचं गावात कापडाचं दुकान, शिक्षण हैदराबादला झालेलं. गाडीवाल्यानं त्यांनाच पाट्या मराठीत सांगायला उभं केलं.

एका नावाड्याची चूक, अन् शिक्षा त्याच्या सोबत्याला, अशी गोष्ट. शेवटी म्हातारा नावाडी सोबत्याच्या दारात येतो. त्याचे ओठ हलले, पाटी आली. अप्पा गप्पच.

"काय म्हणून राहिला तो?" मागून कुणीतरी ओरडलं.

"म्हणतो, ते मीच केलं." एवढं बोलून अप्पा खाली बसले. पुढच्या पाट्या त्यांनी वाचल्याच नाहीत.

घरी आल्यावर त्यांनी आईला आणि मला सांगितलं. मागच्या दुष्काळात आडावरचा पोहरा हरवला होता. अप्पांनी चारचौघांत शेजारच्या बांगडीवाल्या चाचांवर आळ घेतला. लोकांनी चाचीला आडावर येऊ दिलं नाही. उन्हाळाभर ती दूरच्या झऱ्यावरून पाणी आणत राहिली. पोहरा पुढं आमच्याच गोठ्यात कडब्यामागं निघाला, पण अप्पांनी तोंड उघडलं नाही.

सकाळी टँकरपाशी सारं गाव रांगेत होतं. अप्पा तिथं जाऊन चाचांकडे हात करत मोठ्यानं म्हणाले, "पोहरा माझ्याच गोठ्यात निघाला होता. ह्यांचा काई कसूर न्हवता."

चाचा खाली बघत राहिले. चाची मात्र म्हणाली, "इतके वर्सं गप बसले, अन् आज सांगून राहिले? झऱ्यावरून पाणी वाहत होते तवा मी पोटुशी होते."

"हाव," अप्पा म्हणाले.

चाचा त्याच आठवड्यात दुकानात आले आणि सदऱ्याचं कापड घेऊन गेले. चाचीचा अबोला सुटला नाही. अप्पांनीही कधी माफीचा तगादा लावला नाही.

माझ्या लग्नात हिरवा चुडा भरायला चाचीच आली. बांगड्या भरता भरता तिनं मांडवात धावपळ करणाऱ्या अप्पांना हाक मारली.

"शेठ, जेवलात का?"

"न्हाई अजून."

"मग बसा की," ती म्हणाली, आणि त्यांच्यासाठी पाट मांडायला लावला.