दाराच्या कप्प्यातलं पिस्तूल

आम्ही न्युरेम्बर्गला आलो ते बायकोच्या नोकरीमुळे. ती इथल्या एका मोठ्या कंपनीत इंजिनियर आहे. नाशिकला मी गाड्यांचे सुटे भाग बनवणाऱ्या कारखान्यात हिशेब बघायचो, पण माझं जर्मन इथल्या ऑफिसात टिकेल असं नव्हतं. गाडी चालवण्यापुरतं मात्र ते पुरेसं होतं. म्हणून प्रवासी नेण्याचा परवाना काढला, भाड्याच्या गाड्या चालवणाऱ्या एका मालकाकडे लागलो आणि अ‍ॅपवर येतील ती भाडी मारायला लागलो.

मला ते काम आवडायचं. लोक बोलायचे. बटाट्याच्या सॅलडमध्ये काकडी का घालायची नाही, हे एका आजीबाईंनी मला स्टेशनपासून त्यांच्या दारापर्यंत समजावून सांगितलं होतं. माझ्या चुकणाऱ्या व्याकरणावर कुणी हसलं तर मीही हसायचो. संध्याकाळी घरी आलो की मुलीला त्या दिवशीच्या गमती सांगायचो. मी मराठीत सांगायचो, ती जर्मनमध्ये प्रश्न विचारायची, आमचं छान चालायचं.

मग एका शनिवारी, फुटबॉलची मॅच संपल्यावर, तीन तरुण गाडीत बसले. प्यायलेले होते, पण गाणी म्हणत होते, चिडलेले नव्हते. सिग्नलला थांबलो तर मागच्याने माझा सीटबेल्ट ओढला आणि माझ्या गळ्यावर आडवा धरला. गंमत म्हणून. मला श्वास घेता येईना. बाकीचे दोघं हसत होते. मग त्यातलाच एक म्हणाला, "सोड रे त्याला," आणि त्याने सोडलं. उतरताना त्याने माझ्या गालावर दोन चापट्या मारल्या, लहान मुलाला मारतात तशा.

गळ्यावर लाल वळ उठला होता. बायकोने विचारलं तर म्हणालो, नव्या जॅकेटची चेन घासली. तिने खोबरेल तेल लावून दिलं. खरं का सांगितलं नाही? सांगितलं असतं तर ती म्हणाली असती, सोड हे काम. आणि काम सोडून मी घरी काय करणार होतो?

आमच्याकडचा एक जुना ड्रायव्हर होता. त्याला मात्र सांगितलं. तो म्हणाला, "श्रेकशूस घे एक." म्हणजे नुसता धाक दाखवायचं पिस्तूल. त्यातून गोळी सुटत नाही, मोठा बार होतो नाहीतर गॅस सुटतो. पण दिसायला ते हुबेहूब खऱ्यासारखं असतं, समोरच्याला फरक कळायला मार्गच नसतो. जवळ बाळगायला सरकारी परवाना लागतो. मी अर्ज केला, चौकशी झाली, परवाना मिळाला. कायद्याने सगळं ठीक होतं. पण मालकाचा नियम होता की गाडीत कुठलंही हत्यार चालणार नाही, आणि अ‍ॅपवाल्यांचाही तोच. मालकाला मी सांगितलं नाही. बायकोलाही नाही. घरी आलो की पिस्तूल तळघरातल्या आमच्या खोलीत, जुन्या सुटकेसमध्ये जायचं. कामावर असताना ते माझ्या डाव्या हाताला, दाराच्या कप्प्यात, काच पुसायच्या पिवळ्या फडक्याखाली असायचं.

मला वाटलं होतं, जवळ असलं की भीती कमी होईल. झालं उलटंच. मी बोलायचा थांबलो. आरशात रस्ता कमी आणि मागची सीट जास्त बघायला लागलो. भाडं आलं की अ‍ॅपवर नाव दिसतं. काही नावं वाचली की माझा हात आपोआप फडक्याकडे जायचा, आहे ना जागेवर म्हणून चाचपायचा. आणि हे लिहायला मला जड जातंय, पण ती नावं माझा गळा आवळणाऱ्यांसारखी नसायची. ते तिघंही इथलेच होते, इथल्याच बोलीत हसणारे. माझा हात जायचा तो माझ्याच रंगाच्या, माझ्याहून तुटकं जर्मन बोलणाऱ्या माणसांसाठी. आजीबाईंसाठी तो कधी गेला नाही, आणि सोनेरी केसांच्या पोरांसाठीही नाही.

फेब्रुवारीतली एक दुपार होती. बाजाराजवळून एक माणूस बसला. नावावरून अरबी वाटला. धिप्पाड, दाढी, डोक्यावर जॅकेटची टोपी ओढलेली, हातात प्लॅस्टिकची मोठी पिशवी. बसला तो नेमका माझ्या मागे. मी "नमस्कार" म्हणालो, त्याने नुसती मान हलवली. शहराच्या कडेला, लांगवासर या उपनगराकडे जायचं होतं. रस्ताभर तो एक अक्षर बोलला नाही. फक्त त्याचा श्वास ऐकू येत होता, जड आणि भराभर. माझा डावा हात फडक्याखाली गेला तो तिथेच राहिला. एका हाताने गाडी चालवत होतो.

छोट्या छोट्या बागांच्या कुंपणाशेजारून रस्ता जातो, तिथे तो एकदम ओरडला, "श्टॉप! श्टॉप!" आणि माझ्या सीटच्या पाठीवर थाप मारली. मागे पिशवीची जोरात खसफस झाली. आरशात दिसलं की त्याचा हात पिशवीत खोल गेलाय.

मी ब्रेक मारला, वळलो आणि पिस्तूल त्याच्या तोंडासमोर धरलं.

तो ओरडला नाही. "काय करतोस" म्हणाला नाही. त्याने पिशवी सोडली, दोन्ही हात डोक्यामागे नेले, बोटं एकमेकांत अडकवली, डोळे मिटले आणि कपाळ समोरच्या सीटला टेकवलं. मी त्याला काहीच सांगितलं नव्हतं. हे सगळं त्याला येत होतं. याआधी कुठेतरी, कुणीतरी त्याच्याकडून हे करून घेतलेलं होतं.

आणि मग त्याला उलटी झाली. ती त्याच्या छातीवर, मांडीवर, सीटवर पडत होती आणि त्याने हात खाली घेतले नाहीत. उलटी होत असताना माणूस तोंडाला हात लावतो, तोंड बाजूला वळवतो. तो हलला नाही, कारण हलायला कुणी सांगितलं नव्हतं. त्याच्या पायाशी पिशवीतून लहान मुलीचे नवे गुलाबी बूट पडले होते. तेव्हा माझ्या डोक्यात प्रकाश पडला. त्याला मळमळत होतं. गाडी घाण होऊ नये म्हणून तो पिशवी रिकामी करत होता.

"हात खाली घ्या," मी म्हणालो. "खाली घ्या, काही नाही, काही नाही." पण हे म्हणताना पिस्तूल अजून माझ्या हातातच होतं. ते लक्षात आल्यावर मी ते फडक्याखाली कोंबलं. "हे खरं नाहीये. श्रेकशूस आहे."

"हो, हो," तो म्हणाला. डोळे अजून मिटलेलेच होते.

मग तो दार उघडून उतरला. मला वाटलं पळेल. पण तो वाकून, स्वतःच्या गळ्यातला मफलर काढून माझी सीट पुसायला लागला. "एन्टशुल्डिगुंग," म्हणत होता. माफ करा, माफ करा. मी खाली उतरून त्याचा हात धरायला गेलो तर तो झटकन मागे सरला. बूट पिशवीत भरून, कुंपणाच्या कडेने, मागे न बघता चालत गेला.

मी माफी मागितली नाही. त्याने तीनदा-चारदा मागितली आणि मी एकदाही नाही. मालकाला फोन करून सांगितलं की पॅसेंजरला उलटी झाली, गाडी धुवायला नेतोय.

संध्याकाळी मालकाच्या किंवा अ‍ॅपवाल्यांच्या फोनची वाट बघत बसलो होतो. पोलीस येतील असंही वाटत होतं. काहीच आलं नाही. फोन उघडून बघितलं तर त्याने मला पाच तारे दिले होते. पैकीच्या पैकी.

आधी मला सुटल्यासारखं वाटलं, हेही सांगायलाच हवं. म्हटलं, समजून घेतलं बिचाऱ्याने. रात्री अंथरुणात पडल्यावर कळलं की त्याने काय समजून घेतलं होतं. अ‍ॅपमुळे मला त्याचा पत्ता माहीत होता. त्याला माझ्याबद्दल एवढंच माहीत होतं की माझ्याकडे पिस्तूल आहे.

दुसऱ्या दिवशी गाडी झाडताना सीटखाली एक बूट सापडला. गुलाबी, आत अजून कागदाचा बोळा होता. विसरलेल्या वस्तू अ‍ॅपमार्फत परत करायच्या असतात. पण मला वाटलं, आपण स्वतः जावं. बूट द्यावा आणि जे म्हणायचं राहिलं ते म्हणावं. माझ्या मते तो चांगला विचार होता.

ती उंच इमारतींची वसाहत होती. बेलच्या पाट्यांवर त्याचं नाव शोधत होतो, तेवढ्यात तो स्वतःच मुलीचा हात धरून कोपऱ्यावरून आला. मला बघितलं आणि जागीच थांबला. हळूच, घाई न करता, त्याने मुलीला आपल्या पाठीमागे घेतलं.

"फ्युन्फ श्टेर्न," तो म्हणाला. "मी पाच तारे दिले. कुणाला काही सांगितलं नाही. आलेस गूट. सगळं ठीक."

"नाही, नाही, मी माफी मागायला..." मी बूट पुढे केला. त्याची नजर बुटाकडे गेलीच नाही, ती माझ्या दुसऱ्या हातावर होती. तो हात जॅकेटच्या खिशात होता. मी तो घाईने बाहेर काढला तर तो दचकला आणि मुलीला हाताने आणखी मागे ढकललं. तिने मात्र त्याच्या पायाआडून डोकं काढून ओरडून सांगितलं, "माझा बूट!" मी बूट जमिनीवर ठेवला, "मला माफ करा" म्हणालो आणि निघालो. मी गाडीत बसेपर्यंत तो तसाच उभा होता, माफी स्वीकारायला नव्हे, तर मी खरंच जातोय ना हे बघायला.

त्या संध्याकाळी बायकोला सगळं सांगितलं. बेल्टपासून. ती स्वयंपाकघरात उभी होती, गॅस बंद करून ऐकत राहिली.

"गाडीत कुठे ठेवायचास?" तिने विचारलं.

"दाराच्या कप्प्यात."

"त्याच गाडीतून तू आपल्या पोरीला शाळेतून आणायचास."

मी खुर्ची ओढून बसलो.

"आणि गळ्याचं? मला चेन म्हणालास. मी तेल लावत बसले."

"तू काम सोडायला सांगितलं असतंस."

"सांगितलंच असतं! भांडलो असतो, मग काहीतरी मार्ग काढला असता. आल्झो, बरं मग, आता काय करणार आहेस?"

"मालकाला सांगतो."

मालकाला सांगितलं. त्याने दार लावून घेतलं आणि विचारलं, "तक्रार आलीय?" म्हटलं, नाही. "तारे किती?" म्हटलं, पाच. "मग झालं तर," तो म्हणाला. "ती वस्तू फेकून दे आणि उद्या कामावर ये. चांगला ड्रायव्हर आहेस." मी दुसऱ्या दिवशी गेलो नाही. त्यानंतरही गेलो नाही.

पिस्तूल आणि परवाना घेऊन बायकोबरोबर पोलीस चौकीत गेलो. डब्यात बंद करून, आधी फोन करून. तिथल्या बाईंनी शांतपणे सगळं लिहून घेतलं. मी बोलताना अडखळलो की बायको शब्द पुरवत होती. माझी लाज माझी बायको चांगल्या जर्मनमध्ये सांगत होती. पोलीस बाईंनी विचारलं, "त्या गृहस्थांचा पत्ता आहे?" मी दिला. देताना मला हलकं वाटलं होतं.

काही आठवड्यांनी त्या पोलीस बाईंचा फोन आला. त्या गृहस्थांना भेटलो, म्हणाल्या. ते म्हणतात, तसं काही घडलंच नाही. त्यांना बरं वाटत नव्हतं, ड्रायव्हर सभ्य होता, बस.

"पण मी स्वतः सांगतोय ना!"

"गेनाऊ, बरोबर, तेही लिहिलंय," त्या म्हणाल्या. "पण त्यांना काही म्हणायचं नाही."

परवाना रद्द झाला, पिस्तूल त्यांच्याकडेच राहिलं, आणि पुढे ते प्रकरण बंद झालं. मला वाटलं होतं शिक्षा होईल. खरं तर मी तीच मागायला गेलो होतो. पण फोन ठेवल्यावर ध्यानात आलं की माझं मन हलकं व्हावं म्हणून मी त्या माणसाच्या दारात गणवेशातली माणसं पाठवली होती. आधी पिस्तूल, मग मी, आणि मग पोलीस.

बायकोला हे बोलून दाखवलं. ती म्हणाली, "पोलिसांकडे जायलाच हवं होतं. पण त्यामुळे त्या माणसाला बरं वाटेल असं मात्र समजू नकोस." तिचं दोन्ही म्हणणं खरं आहे. दोन्ही एकाच वेळी खरं असण्याची मला अजून सवय झालेली नाही.

आता मी हॉस्पिटलचे कपडे धुणाऱ्या एका लाँड्रीत काम करतो. गाडी चालवत नाही. मध्यंतरी एकदा कामावरून येताना तो भुयारी रेल्वेच्या माझ्याच डब्यात चढला. मुलगी त्याच्या खांद्यावर झोपली होती. त्याने मला पाहिलं नव्हतं. तो दाराजवळच्या सीटवर बसला, तिचं डोकं नीट टेकवलं आणि स्वतःही डोळे मिटले, दमलेला माणूस मिटतो तसे. मी पाठ फिरवून दुसऱ्या दाराशी गेलो आणि पुढच्या स्टेशनला उतरलो. ते माझं स्टेशन नव्हतं. गाडी गेल्यावर फलाटावरच्या बाकावर बसलो आणि बायकोला फोन करून कळवलं की मला जरा उशीर होईल.