तळव्याची पारख

मिस्त्रींचा दिवस पहाटे साडेचारला सुरू व्हायचा आणि सगळ्यांच्या आधी ते कामावर हजर असायचे. फरशी बसवण्यात ते कुणाला हार जात नसत. पातळी बघायला दोरी आणि पाणसळ सगळेच लावतात. मिस्त्री सांधे भरून झाले की चपला काढत आणि डोळे मिटून सगळी खोली पायाखाली घालत. कड कागदाएवढी वर असली तरी तळव्याला कळायची. मग ती फरशी उखडायचीच.

रक्तात साखर निघाली तेव्हा डॉक्टरीणबाई म्हणाल्या, पाय जपा. गोळ्या मिस्त्री आठवण झाली तर घेत. रात्री तळव्यांची आग व्हायची. पुढे ती आपोआप थांबली.

"बघ, गेलं दुखणं," ते बायकोला म्हणाले.

"एक चप्पल कुठं टाकून आलात?" तिनं विचारलं. एका पायात चप्पल नव्हती, हे त्यांना तेव्हा दिसलं.

त्याच सुमारास त्यांचं काम भलतंच सुबक होऊ लागलं. कुठंच कड लागेना. एका मोठ्या दालनात हाताखालचा मेव्हणा म्हणाला, "दाजी, तिसरी ओळ उठलीय."

"तुझे डोळे उठलेत. माझ्या तळव्याला शिकवतोस?"

मेव्हण्यानं पुढची फरशी उचलली. तळव्यापुढं डोळ्याचं ऐकायचं नाही, हे त्याला मिस्त्रींनीच शिकवलं होतं.

दालनात पांढरी फरशी होती. मिस्त्री डोळे मिटून फिरून आले आणि वळून पाहिलं, तर तिसऱ्या ओळीपासून तांबडे ठसे.

"कोणाला लागलं रे?"

"दाजी, तुमचाच पाय आहे तो."

टाचेत फरशीची कपची रुतली होती. ती उपटून मिस्त्रींनी आधी फरशी पुसली. टाचेला चिंधी बांधली आणि तिसरी ओळ उखडली. आठवडाभर ओल्या सिमेंटमध्ये उभे राहिले.

"बसा की थोडं," मेव्हणा म्हणायचा.

"दुखत नाही, तर बसू कशाला?"

वास बायकोला आला. तीच त्यांना ओढून दवाखान्यात घेऊन गेली. पाय वाचतो की जातो, एवढाच आता प्रश्न होता.

"डोळे मिटा. सुई टोचली की सांगा," डॉक्टरीणबाई म्हणाल्या.

"टोचली," मिस्त्री म्हणाले.

बाईंनी सुई अजून उचललीही नव्हती.

पाय गुडघ्याखालून काढावा लागला. दालनाची मजुरी मेव्हण्यानं आणून बहिणीच्या हातात ठेवली. तिच्यात पाय कापल्याचं बिल भागलं.