देशाचा राजीनामा

राजीनामा देताना अंबादासतात्यांचा चेहरा खुलायचा. लोकांना पद मिळाल्यावर जेवढा आनंद होतो, तेवढा तात्यांना ते सोडताना होई. दूध सोसायटी, शाळा समिती, भजनी मंडळ, सगळीकडचे राजीनामे त्यांनी दिले होते आणि सगळे मागेही घेतले होते. तेलगावच्या पुढे आमची वस्ती आहे, तिथे या गोष्टीची रीतच पडून गेली होती. तात्यांनी राजीनामा दिला की संध्याकाळी जाणती माणसं समजूत काढायला यायची. ओसरीवर सतरंजी पडायची, तात्या तोंड फिरवून बसायचे. शेवटी दुधाचं चेपलेलं माप बदलायचं ठरे, नाहीतर शाळेवर नवे पत्रे पडत. मग तात्या म्हणायचे, "तुमी एवढे आलात म्हणून. न्हाईतर मी ऐकणारा न्हाई."

मी त्यांच्या भावकीतला. तालुक्याच्या कोर्टात नुकती वकिली सुरू केली होती, पक्षकार कमी आणि वेळ भरपूर. तात्या मला सहकार शिकवायचे. "सहकार म्हंजे रुसायचा हक्क. नोकर रुसला तर त्याला काढतेत. मालक रुसला तर मनवावं लागतं. आपुन मालक हाव, ध्यानात ठेव." साखर कारखान्याचा पाया खणला तेव्हा ते स्वतः टोपलं घेऊन उभे राहिले होते, त्यामुळे हे वाक्य त्यांना शोभायचं.

मग तो दुष्काळ आला. वस्तीच्या विहिरीत तळाला ओल तेवढी राहिली. आमच्या नावाने मंजूर झालेला टँकर दर वेळी कारखान्याच्या चेअरमनसाहेबांच्या उसात रिकामा व्हायचा आणि कागदावर आम्ही पोटभर पाणी पीत होतो. तात्यांची बायको, आमच्या रुक्मिणकाकू, सुजलेले गुडघे घेऊन विहिरीत उतरायच्या, वाटीने घागर भरायच्या. तात्यांना ते बघवेना. त्यांनी कारखान्याच्या सभासदत्वाचा राजीनामा दिला आणि सतरंजी अंथरून बसले. कोणी आलं नाही. आठवड्याच्या आत राजीनामा मंजूर झाल्याचं कळलं. त्यांच्या आयुष्यात असं कधी झालं नव्हतं. साहेबांना तोंडावर बोलणारा एक माणूस फुकटात कमी होत होता, ते कशाला नाही म्हणतील?

तात्या तडक माझ्याकडे आले. "साहेबाच्या वर कोण?"

"कलेक्टर," मी म्हणालो.

"त्याच्या वर?"

"सरकार. देश."

"मग देशाचाच राजीनामा लिही. आता कसं कुणी येत न्हाई ते बगतो."

मी कायदा काढून वाचून दाखवला. नागरिकत्व सोडता येतं. त्यासाठी माणूस सज्ञान हवा, डोकं ठिकाणावर हवं, ठराविक नमुन्यात घोषणा हवी आणि मुळात नावावर दुसऱ्या देशाचं नागरिकत्व हवं.

"एक देश सोडायला दुसरा देश लागतो?" तात्या हसले नाहीत. "आमी ऊस तोडायला कर्नाटकात जातो, तेवढाच आमचा परदेश. म्हंजे ही सवलत बी श्रीमंतालाच."

तरी ते हटले नाहीत. बीडला कलेक्टर कचेरीत आम्ही तीन टेबलं फिरलो. शेवटच्या टेबलावरच्या बाबूने विचारलं, "कुठल्या देशात जाणार, आजोबा?"

"कुठंच न्हाई. हितंच ऱ्हाणार. फकस्त तुमच्यातला न्हाई."

बाबूने माझ्याकडे बघून कपाळापाशी बोट फिरवलं. तात्यांना ते दिसलं. "डोकं ठिकाणावर हाय माजं. तपासून घ्या. टँकर कुठं जातो ते बी सांगतो, लिहून घ्या." बाबूने अर्ज ठेवून घेतला आणि डबा उघडला.

परतताना तात्या खुशीत होते. वस्तीवर पोचताच काकूंना म्हणाले, "साखर आणून ठेव. देश सोडतो म्हणल्यावर ल्हान माणूस येत नसतो." त्यानंतर रोज संध्याकाळी ते धुतलेलं धोतर नेसून ओसरीवर बसायचे. रस्त्यावर जीपचा आवाज आला की मान वळवायचे. मला त्यांची कीव यायची आणि राग त्याहून जास्त. त्यांना वाटत होतं, देश म्हणजे मोठी सोसायटी. आपण रुसलो तर वरपर्यंत हाक जाईल. एवढा विश्वास या देशावर साहेबांचाही नसेल.

एका सकाळी विहिरीत उतरताना कडेचा दगड निसटला आणि काकू खाली गेल्या. विहिरीत बुडण्याइतकंही पाणी नव्हतं. त्या खडकावर पडून गेल्या.

तेराव्याला साहेब येणार असा निरोप आला आणि त्यांच्या आधी टँकर आला. पाहुण्यांचा स्वयंपाक पाण्यावाचून अडायला नको, एवढी काळजी कारखान्याने घेतली होती. बायका घागरी घेऊन धावल्या. त्यांना मी नावं ठेवणार नाही. पण त्या दिवशी कोणाच्या तरी कानाखाली वाजवावी असं मला फार वाटलं, आणि कोणाच्या हेही मला पक्कं ठाऊक होतं.

साहेबांनी तात्यांचा हात हातात घेतला. "तात्या, ते देश सोडायचं मनातून काढून टाका. कारखान्याचा राजीनामाही आपण रद्द करून घेऊ. तुमच्यासारखी माणसं पाहिजेत आम्हाला. आणि उद्यापासून टँकर रोज येईल, माझा शब्द."

तात्या वर्षानुवर्षं ज्या समजुतीवर जगले, ती अखेर घरी आली होती. त्यांनी हात सोडवून घेतला.

"आता कावून? आदी का न्हाई?" त्यांनी विचारलं.

साहेबांनी पायात चपला सरकवल्या.

टँकर चार दिवस आला. दसऱ्यानंतर वस्तीवरची टोळी ऊसतोडीला निघाली, तेव्हा तात्याही ट्रकमध्ये चढले, तोडणाऱ्यांच्या कोप्यांची, पाचटाच्या झोपड्यांची, राखण करायला म्हणून. कर्नाटकातल्या त्या फडातच ते वारले. मुकादमाने येऊन सांगितलं. अर्जाचं काय झालं हे विचारायला मी पुन्हा बीडला गेलो, तर बाबू बदलला होता. नव्या बाबूने सगळी कपाटं उघडली आणि म्हणाला, असा अर्ज आमच्याकडे आलेलाच नाही. म्हणजे तात्या गेले ते भारताचे नागरिक म्हणूनच गेले.