स्विचवरचा पेढा

ये गं, जरा जवळ सरक. पुण्यात बसून वाचत असलीस तरी सरक. परवा फोनवर काय तो तुझा आवाज! "आत्या, ऑफिसचं नेट पडलं, मी त्या कंपनीवाल्याला चांगला झापला." आणि शेवटी निघालं काय, तर तुमच्याच टेबलामागची सैल वायर. असं करतात का? नोकरी तुला नेटवर्क सांभाळायला दिलीय, भांडायला नाही. आता गप्प बसून ऐक.

मी नगरला सावेडीतल्या आमच्या कॉलेजात मूळची टायपिस्ट. कॉम्प्युटर आले, पण ते सांभाळायला कोणी नव्हतं. मग वायरी ओढायला जो माणूस यायचा, त्याच्या मागे मागे फिरून, त्याला चहा पाजून पाजून मी शिकले. पुढे माझ्या दारावर 'आयटी ॲडमिनिस्ट्रेटर' अशी पाटी लागली. तुझे काका म्हणाले, "आता घरी चहा कोण करणार, ॲडमिनिस्ट्रेटर?" मी म्हटलं, "अर्ज करा, बघू."

तर त्या वर्षी नर्सिंगच्या प्रवेश परीक्षेचं केंद्र आमच्या लॅबला मिळायचं घाटत होतं. दसऱ्याच्या दुसऱ्या दिवशी परीक्षेची माणसं पुण्याहून आमची लाईन तपासणार होती. लाईन टिकली तर केंद्र इथं, नाहीतर पोरींनी पुण्याला जायचं. आमच्या हॉस्टेलवर पाथर्डीकडची एक मुलगी होती. आईवडील ऊसतोडीला जाणारे, त्याच दिवशी दुपारी निघायचे होते. वडिलांनी तिला बजावलेलं, "नगरातच आसंल तर दे परीक्षा. पुण्याला न्हाई जायचं." सकाळपासून ती लॅबच्या दाराशी उभी.

आणि नेमकं लॅबमधलं नेट दम खायला लागलं. येतंय, जातंय, येतंय, जातंय.

प्रिन्सिपॉल सर म्हणाले, "बाई, लावा फोन त्या इंटरनेटवाल्यांना. झाडा चांगलं!" अगदी तुझ्यासारखं बघ.

मी म्हटलं, "सर, आधी घरातलं बघू. मग शेजाऱ्याच्या दारात जाऊ."

पिंग म्हणजे काय गं? हाक मारणं. आपण हाक मारायची, पलीकडच्या मशीननं ओ द्यायची. ओ किती वेळात आली, आली की नाही, सगळं पडद्यावर दिसतं. आणि ट्रेसरूट म्हणजे हाक कुठल्या वाटेनं गेली ते बघणं. एसटी कशी केडगाव, सुपा, शिरूर करत पुण्याला जाते, तसे तिचेही थांबे. माझ्या टेबलावरून मी बाहेर हाक मारली. सगळे थांबे नीट, ओ लगेच. म्हणजे कंपनीचा काही दोष नव्हता. मग लॅबमध्ये बसून माझ्याच खोलीतल्या राउटरला हाक मारली. एक ओ आली, दोन गायब. परत एक आली, एक गायब. म्हणजे दुखणं लॅब आणि माझी खोली यांच्या मधे. आणि मधे काय, तर फळीवरचा तो स्विच. लॅबच्या सगळ्या वायरी त्या एका डब्यात येतात.

स्टुलावर चढले. बघते तर स्विचला हळदकुंकू, झेंडूची माळ आणि जाळीवर मधोमध पेढा. खंडेनवमीची पूजा! मशीनच्या गरमीनं पेढा पाघळून आत गेलेला आणि मुंग्यांची ही रांग, थेट मुख्य वायरीच्या भोकात.

लॅबच्या मावशी खालून बघत होत्या. तोंड एवढंसं झालेलं. "बाई, म्या म्हनलं, समद्या वायरी ह्याच्यातनंच जात्यात, म्हंजी ह्योच मोठा. बाकीच्यांना फूल वाहिलं, ह्याला पेढा ठिवला."

सर हसून म्हणाले, "मावशी, मला कधी ठेवला नाहीत तो!"

"तुमाला शुगर हाय नव्हं," मावशी म्हणाल्या.

दारातली ती पोरगी मात्र हसली नाही. "बाई, केंद्र जानार का?"

"थांब गं जरा," म्हटलं. स्विच बंद केला, ब्रशनं झाडला, स्पिरिट लावून पुसला. ते भोक काही मला भरवशाचं वाटेना, म्हणून मुख्य वायर शेजारच्या रिकाम्या भोकात लावली. स्विच सुरू केला आणि मारली हाक. ओ. ओ. ओ. एकही गायब नाही. तरी मी उठले नाही. पुण्याच्या माणसांची तपासणी संपेपर्यंत पिंग चालूच ठेवला. मग त्यांचा फोन आला, केंद्र पक्कं. पोरगी माझ्याच मोबाईलवरून वडिलांशी बोलली. ते ट्रॅक्टरवर चढायच्या बेतात होते. "आप्पा, हितंच हाय परीक्षा," एवढंच म्हणाली आणि भिंतीकडं तोंड करून उभी राहिली.

आता ती नर्स आहे. दर खंडेनवमीला फोन करते, "बाई, पेढा कुठं ठेवलाय?" मी सांगते, बशीत, टेबलावर, मशीनपासून लांब.

यंदा ती सुट्टी घेऊन येणार म्हणते. तूही ये की. तुझा लॅपटॉप आण, पूजेत ठेवू. फूल त्याला, पेढा तुला. आणि खंडेनवमीपर्यंत तरी कशाला थांबतेस? या रविवारीच ये बाई, वाट बघते.