रस्त्यापलीकडचं भगिनी गाव

यंदा आमचा परदेश प्रवास झाला, खारघर ते पलीकडचं ओवे गाव. तिकीट नाही, व्हिसा नाही. चालत सहा मिनिटं, त्यातली चार रस्ता ओलांडायला. जाणाऱ्यांनी सकाळी लवकर निघावं, नंतर ऊन फार लागतं.

झालं असं, की जर्मनीत माझी मुलगी ज्यांच्याकडे भाड्याने राहते, त्या सत्तरीच्या हानाबाई आमच्याकडे आल्या. पहिल्याच चहाला त्यांनी विचारलं, तुमच्या पनवेल महापालिकेचं भगिनी शहर कुठलं? भगिनी शहर म्हणजे काय, हेच मला ठाऊक नव्हतं. मग त्यांनीच सांगितलं. महायुद्धानंतर त्यांच्या गावाने फ्रान्समधल्या एका गावाशी असं नातं जोडलं. सह्या महापौरांनी केल्या, पण नातं टिकवलं ते कालच्या शत्रूसाठी घरात अंथरूण घालणाऱ्यांनी. एवढं सांगून त्यांनी बाल्कनीतून ओव्याकडे बोट दाखवलं आणि विचारलं, "तिथे तुम्ही कुणाकडे जेवता?"

वीस वर्षांत मी तिथे पाऊलही टाकलं नव्हतं. तिथल्या ओळखीच्या फक्त ताराबाई, आमच्या गेटवर भाजी विकायच्या. सोसायटीचा सेक्रेटरी म्हणून 'विक्रेत्यांना मनाई'ची नोटीस मीच लावली होती. आता त्या मला दारात तरी उभं करतील का, याची धास्ती वाटत होती. म्हणून आपल्या रीतीप्रमाणे शाल, श्रीफळ आणि वार्षिक सभेत उरलेलं स्मृतिचिन्ह घेऊन हानाबाईंसोबत निघालो.

ताराबाईंनी आधी शाल पाहिली, मग मला. म्हणाल्या, "तुमच्या गेटाला आमी यायचा नाय, आन् तुमी आमच्या घरात आलाव. बसा आता."

शाल त्यांनी हानाबाईंच्याच खांद्यावर घातली. नारळ तिथल्या तिथे फोडून वाटणात गेला. तांदळाची भाकरी आणि सुक्या मासळीची सुकट समोर आली. हानाबाईंनी दोनदा मागून घेतली. दोघी खाणाखुणांनी गुडघेदुखीवर बोलत बसल्या, मला कुणी विचारेना. निघताना ताराबाईंनी सुकटीचा डबा हातात दिला. नोटिशीचं चुकलं, असं मी कसंबसं म्हणालो. खूप लाज वाटत होती.

"डबा तेवढा आनून द्या," त्या म्हणाल्या.

हानाबाई परत गेल्या. स्मृतिचिन्ह मी पिशवीतून काढलंच नाही, ते माझ्याच कपाटात आहे. डबा रिकामा कसा द्यायचा, म्हणून बायकोने त्यात बेसनाचे लाडू भरले. तो घेऊन निघालो आणि गेटपाशीच अडलो. नोटीस नखाने खरवडून काढायला अर्धा तास लागला. गोंद चांगल्यातला आण, असं वॉचमनला मीच बजावलं होतं.