ट्राय करतो

मेहरूण भागातल्या रेडिओ दुरुस्तीवाल्याला इंग्रजीतलं एकच क्रियापद यायचं, आणि ते त्याला पुरायचं. रेडिओकडे बघत "ट्राय करतो" म्हणाला, की संध्याकाळी घरात गाणी सुरू. आपल्याकडे बघत म्हणाला, तर महिनाभर हेलपाटे. रस्त्याकडे बघत म्हणाला, तर सरळ नवा रेडिओ घ्यावा.

एकदा माझा रेडिओ त्याच्या टेबलावर उघडा पडलेला असताना त्यानं एक पिशवी पुढे केली. "भाऊ, धुळ्याला चाललातच, तर आमच्या अक्काला एवढी भरताची वांगी पोचवाल?"

मला लहर आली. रस्त्याकडे बघत मी म्हणालो, "ट्राय करतो."

तो नुसता हसला. माझ्या रेडिओवर त्यानं फडकं टाकलं आणि सावकाश मान रस्त्याकडे वळवली.

त्यानं तोंड उघडायच्या आत मी पिशवी उचलली.