न धुतलेल्या टी-बॅग

आई विसरभोळी झाली नव्हती. तू विसरतेस, हे पहिल्यांदा मी तिला सांगितलं, तेही खोटं. हे आजवर मी कुणापाशी बोललेलो नाही.

नव्वद सालच्या आसपास आम्ही परळ सोडून गोडदेवला आलो. आईने गॅलरीत तेलाच्या रिकाम्या डब्यात खत करायला घेतलं. त्यात मुख्य चहाचा चोथा. आपल्या चहात दूध-साखर उकळलेली, म्हणून चोथा धुऊनच टाकायचा, नाहीतर मुंग्या लागतात. पण पाणी टँकरचं. माझ्या ऑफिसात पाहुण्यांना टी-बॅगचा चहा देत. "त्या आणत जा," ती म्हणाली, "पण तिथल्याच नळाखाली धुऊन आण बाबा."

दोन-चारदा धुतल्या. मग बेसिनपाशी एक जण म्हणाला, "काय साहेब, घरी परत उकळणार काय?" त्यानंतर मी त्या दूध-साखरेसकट तशाच आणू लागलो. आई विचारायची, "धुतल्यास ना?" मी हो म्हणायचो. ती एकेक पिन काढून, कागद फाडून पत्ती डब्यात टाकायची; घरचा थोडा चोथा मात्र स्वतः धुऊन.

मुंग्या झाल्या. गॅलरीतून ओट्यावर, तिथून मुलीच्या दुधाच्या बाटलीवर.

"आई, चोथा तसाच टाकलात ना?" बायको म्हणाली.

"नाही गं, धुतला होता."

"मग मुंग्यांना काय आमंत्रण दिलं होतं?"

आईने माझ्याकडे पाहिलं. मी म्हणालो, "विसरली असशील."

दुसऱ्या दिवसापासून टी-बॅग आणणं बंद केलं. ऑफिसात आता मिळत नाहीत, म्हणून सांगितलं. मुंग्या गेल्या, तेव्हा सगळ्यांना वाटलं, आई आता नीट धुतेय. आईलाही तेच वाटलं.

मग ती धुतलेला चोथा पुन्हा धुवायला लागली, आणि पाणी संपवलं म्हणून बोलणी खायला लागली. गॅस बंद केलाय का, हे सुनेला उठून बघायला सांगायची. एक दिवस खताचा डबा तिने खाली नेऊन रिकामा केला आणि ओट्याशी उभं राहणंच सोडलं. "माझा काय भरवसा," एवढंच म्हणायची. भिंतीकडे तोंड करून पडलेली असायची. तशीच गेली.

बायको अजून आल्यागेल्याला सांगते, सासूबाईंचं विसरणं त्या चोथ्यापासून सुरू झालं. मी शेजारी बसून ऐकतो. आईचं काही फेडता येणार नाही. बायकोला खरं सांगण्याचं देणं मी लागतो, आणि ते अजून दिलेलं नाही.